उटकटारीची मुळी

उटकटारीच्या काटेरी झुडपाने हात ओरबाडून काढले, पण मुळी अखंड निघाली. काल सुनेला कळा सुरू होताच मी हळदकुंकू वाहून झुडपाला 'उद्या न्यायला येते' असं आमंत्रण दिलं होतं. ही मुळी कमरेला बांधली की अडलेली बाई मोकळी होते. आणताना मात्र वाटेत कुणाशी बोलायचं नाही, नाहीतर गुण जातो.

निघताना सून म्हणाली होती, "आत्या, दवाखान्यात नेता का मला?"

मी म्हणाले, "मुळी आणते, पोरी. देव आहे."

माळाच्या उतारावर शेजारच्या नामाने जीप थांबवली. "काकू, तालुक्याला निघालोय. वहिनीला घेऊ का? मग सांजपर्यंत गाडी नाही." मी गप्प राहिले. "आज कुणाचं मौन? तुमच्या देवांना तरी एखादा दिवस सुट्टी द्या की." तो हसला, थोडा वेळ थांबला. मी मुळी पदराखाली घेतली आणि चालू लागले. धूळ उडवत जीप गेली.

बाळ बाहेर येताच मुळी सोडायची असते. मी ती सुनेला शेवटची आंघोळ घालताना सोडली. बाळ तिच्या पोटातच राहिलं.

"काकूंचं मौन होतं, त्यांचा काय दोष?" नामा सगळ्यांना सांगतो. गावही तेच म्हणतं.

मी रोज देवापुढे दिवा लावते, पण वर बघत नाही. नामाला होकार द्यायला नुसती मान हलवली असती, तरी मौन मोडलं नसतं.