चार भोकांची भेट

लग्नाच्या पहिल्या वाढदिवशी मी माझ्या नवऱ्याच्या, यार्मोच्या गाडीसाठी चाकांच्या चकचकीत रिम्स आणल्या. त्याच्या चाकाला बोल्टची पाच भोकं लागायची, माझ्या रिम्सना निघाली चार. तेव्हापासून दर शनिवारी सॉनात, वाफेच्या खोलीत, मित्रांसमोर त्याचा एकच विनोद: "आमच्या हिला पाचपर्यंत मोजता येत नाही!" सगळे हसायचे, मीसुद्धा. यंदा उन्हाळ्यात तो मला सोडून सातू नावाच्या बाईकडे राहायला गेला. बर्फात लावायची त्याची हिवाळी चाकं माझ्याच शेडमध्ये पिशव्यांत राहिली. पहिला बर्फ पडला तसा सातूला घेऊन चाकं न्यायला आला. मी पिशव्यांकडे बोट दाखवलं. त्याने अंगणातच जॅक लावून गाडीचं चाक उतरवलं, पिशवी फाडली आणि तो किंचाळला, "माझे टायर तुझ्या चार भोकांवाल्या रिम्सवर कुणी चढवले?" "मी. तुझ्या रिम्स भंगारात घातल्या." गाडीत बसलेल्या सातूने काच खाली केली. तिला म्हटलं, "सांभाळून घे गं, तुझ्या ह्यांना पाचपर्यंत मोजता येत नाही."