काहिलीतली राजकन्या

गेवराईच्या बाजारात तंबूत मुका सिनेमा लागला होता. राजकन्या नदीत पडली, राजकुमारानं उडी घेतली आणि पडद्यावर खराखुरा पूर आला. एक माणूस गुऱ्हाळाची काहिल, गूळ रटवायची भलीमोठी कढई, पाण्यातून ढकलत होता, काहिलीत बाई. “पाहा राजकुमाराचं धाडस!” पडद्याशेजारचा सांगणारा गरजला. बायकांतून भिवराबाई ताडकन उठली. “कशाचा राजकुमार? ही नदी आमची गंगा हाय! काहिलीत अडलेली मी, पल्याडच्या सुईणीकडं चाललेली. तवा काठावर साहेब पेटीचा दांडा फिरवीत हुता. तेच जुनं चित्र तुमी हितं चिकटवलंय!” “मग ढकलणारा कोण?” सांगणाऱ्यानं विचारलं. भिवराबाई अडखळली. नवऱ्याचं नाव तिनं जन्मात घेतलं नव्हतं. तो पुरुषांत मान खाली घालून बसलेला. पदर खोचून ती ओरडली, “शहादेव भोई!” पडद्यावर राजकुमार कोरड्या फेट्यानिशी काठावर आला. तंबू उसळला, “बाजूला सर बे! शहादेवला येऊ दे!”