बिनबोलावलेले खेळ

बाबांच्या फोनवर एक बाहुली ओठ रंगवून घ्यायची वाट पाहत होती. लेकीने तिला बाजूला सारलं, तर मागून गाजर खाणारा ससा आला. सशाला घालवलं, तर कुणीतरी टाळ्या वाजवून सांगू लागलं की तुमच्यासाठी आणखी एक नवा खेळ उतरवला आहे.

"परवा हेच चाललं होतं?" तिने विचारलं.

बाबांनी मान हलवली. जन्मभर बंदरात क्रेन चालवलेला हा आडदांड माणूस घोट्याला पट्टी बांधून खिडकीपाशी बसला होता. परवा न्हाणीघरात त्यांचा पाय घसरला. फोन खिशातच होता, पण लेकीचा नंबर लावायला जावं तर पडदा ढिम्म हलेना. मध्येच तो ससा अडकून बसलेला. शेवटी बादली बडवून बडवून त्यांनी शेजारणीला बोलावून घेतलं. तिने लेकीला कळवलं, आणि लेक आपली दवाखान्यातली नर्सची पाळी मैत्रिणीच्या गळ्यात घालून आज इथे पोचली.

फोन तिनेच वाढदिवसाला धाडलेला. स्वस्तात मिळाला म्हणून खूश झाली होती. आता उघडून पाहते तर आत खेळांचा नुसता बाजार भरलेला.

"बाबा, एवढे खेळ कशाला उतरवलेत?"

"मी?" बाबा चपापले. "तूच पाठवतेस ना?"

तिने फोनवरून नजर वर उचलली.

"सकाळी उठावं तर एखादा नवा आलेलाच असतो. म्हटलं, आमच्या ठमीला बोलायला सवड नाही, पण आठवणीने काहीतरी धाडते बापाला."

"आणि तुम्ही खेळलात हे?"

"सगळे. ती बाहुली फार नखरेल गं. लाली जरा इकडची तिकडे झाली की भोकाड पसरते. पण जमवली."

"अहो, पण कशासाठी?"

"तू कधी विचारलंस तर सांगता यायला नको?"

तिने मान खाली घातली आणि फोनमध्ये शोधत राहिली. सापडलं. फोनबरोबरच आलेलं, 'सेवा' असं साळसूद नाव घेऊन बसलेलं एक अ‍ॅप. बाहेर त्याचं चित्र नाही की काही नाही. घरातलंच असल्यासारखं आत राहायचं आणि मागच्या दाराने एकेकाला आत घ्यायचं.

"जागा संपली म्हणून ओरडत नव्हता फोन?"

"ओरडायचा की. मग मी काढायचो काहीतरी."

"काय काढलंत?"

"माझेच फोटो. निवृत्तीच्या दिवशीचे, क्रेनवर चढलेले." बाबांनी गुडघ्यावरून हात फिरवला. "तू पाठवलेलं कसं काढणार?"

हो, मीच पाठवत होते, एवढं म्हटलं असतं तर दुपार गोड झाली असती. शब्द तिच्या ओठांवर आलाही होता. पण मग हे अ‍ॅप बंद केल्यावर उद्या सकाळी बाबा उठणार, फोनमध्ये नवं काही नसणार, आणि आपलं काय चुकलं म्हणून ते दिवसभर विचार करत बसणार.

"बाबा, यातलं मी काहीच पाठवलेलं नाही," ती म्हणाली. "एकही नाही. फोन बनवणाऱ्यांनीच आत हे बसवून दिलंय. आपल्याला न विचारता ते उतरवत राहतं."

बाबा खिडकीबाहेर पाहू लागले. समोरच्या गच्चीवर कुणी चादर झटकत होतं. चादर झटकून दोरीवर पडली, तिला चिमटेही लागले.

"तरीच," शेवटी ते म्हणाले. "ती बाहुली काही तुझ्या स्वभावात बसत नव्हती."

तिला हसू फुटलं, आणि हसता हसता नाक ओढावं लागलं. मग ती स्टूल घेऊन त्यांच्या अगदी जवळ सरकली.

"हे बघा. काढून टाकता येत नाही मेलं, पण बंद करता येतं. तुम्हीच दाबा."

बाबांनी बोट सदऱ्याला पुसलं आणि दाबलं. बंद केल्यास इतर गोष्टी बिघडू शकतात, असं फोनने बजावलं.

"दम देतोय," बाबा म्हणाले.

"देऊ दे."

त्यांनी पुन्हा दाबलं. मग तिने नवीन अ‍ॅप उतरवायची त्याची परवानगीही काढून घेतली, आणि दोघं मिळून एकेका खेळाला वाटेला लावू लागले. प्रत्येकाआधी बाबा थांबत, तो काय होता ते सांगत. या फुग्यांनी डोळे दुखायचे. ही मोटार कायम भिंतीवर जायची. सशावर त्यांचं बोट जरा घुटमळलं. "गुणी होता. पण परवा फार नडला." ती प्रत्येकाबद्दल विचारत होती, आणि ते रंगून सांगत होते. शेवटी पडदा मोकळा झाला.

ती स्वयंपाकघरात जाऊन चहाचं आधण ठेवते न ठेवते, तोच तिचा फोन वाजला. बाबांचा होता.

"हॅलो?"

"लागतोय का बघितलं." त्यांचा आवाज भिंतीपलीकडून आणि फोनमधून असा दोन्हीकडून आला.

"लागला."

फोन मात्र कुणीच ठेवेना. आधणाला बारीक बुडबुडे येऊ लागले. मग ती परगावीच असावी तसं बाबांनी हळूच विचारलं, "मग? कधी येतेस?"

तिने गॅस बंद केला.

"आलेच, बाबा," ती म्हणाली, आणि फोन तसाच कानाला धरून बाहेरच्या खोलीकडे निघाली.