बेमालूम

"गुडघा कसा आहे आता?" दार उघडताच सिनेमाच्या संकलकाने विचारलं.

बाई उंबऱ्यातच थबकल्या. या माणसाला त्या पहिल्यांदाच पाहत होत्या. तो मात्र सात महिने रोज पडद्यावर त्यांचाच चेहरा पाहत होता. शूटिंगच्या नवव्या दिवशी त्या पायरीवर आपटल्या, तेही त्याने पाहिलं होतं.

"ब... बरा आहे, दादा."

बाई एका दुकानात कपडे शिवायच्या. दिग्दर्शकाला खरीखुरी शिंपीण हवी होती, म्हणून कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या. हॉर्नच्या आवाजात बुडालेलं त्यांचं एक वाक्य आज पुन्हा रेकॉर्ड करायचं होतं. सिनेमा उद्या महोत्सवाला जाणार होता.

"आधी प्रसंग बघून घ्या," म्हणत त्याने बटण दाबलं. या प्रसंगावर त्याचा भारी जीव. बावीस वर्षं तो असेच छोटे सिनेमे जोडत आला होता. आपण कुठे कापलं ते कुणाला कळत नाही, एवढीच त्याची मिजास. इथे तर अकरा ठिकाणी कापलं होतं. त्या अडखळल्या की समोरच्या दुकानमालकाचा चेहरा, सावरल्या की पुन्हा त्या.

पडद्यावर बाई मालकाला सुनावत होत्या. "परत या पायरीवर पाऊल ठेवणार नाही मी!" एका दमात.

"माझं अ... अडखळणं कुठे गेलं?"

"काढलं!" तो खुशीत म्हणाला. "शिवण दिसते का सांगा. तुम्ही तर त्यातल्याच."

"न... नाही दिसत." त्यांची नजर पडद्यावरच होती. "माझी लेक पण अशीच ब... बोलते. म्हणजे बोलतच नाही. शाळेत पोरं हसतात. तिला म्हटलं होतं, बघ, सगळ्या लोकांसमोर आई अशीच ब... बोलणार आहे. त्यासाठीच तर मी हो म्हटलं, दादा. आता विचारेल, ही कोण बाई?"

संकलकाने दिग्दर्शकाला फोन लावला.

"तो मालकाचा प्रसंग पुन्हा उघडतोय."

"वेड लागलंय का? झकास झालाय तो!"

"तेच चुकलं."

"लांबेल किती?"

"एकोणीस सेकंद."

"लोक थांबतील तेवढं?"

"नाही थांबले तर शिव्या मला घाल."

अकराच्या अकरा तुकडे जागेवर यायला तासभर लागला. मालकाचा चेहरा गेला, बाई सलग राहिल्या. त्याने प्रसंग पुन्हा लावला.

पडद्यावर "प... प..." सुरू झालं. खुर्चीतल्या बाईंचे ओठही हलू लागले.

"परत या पायरीवर पाऊल ठेवणार नाही मी," त्या पुटपुटल्या. एकदाही न अडखळता.

पडद्यावरची बाई अजून पहिल्याच अक्षरावर होती. खुर्चीतल्या बाई गप्प झाल्या आणि तिच्यासाठी थांबून राहिल्या.