देव्हाऱ्याचा पडदा

"आजी, बिडी कधीपासून ओढता?"

डॉक्टरांनी छातीचा फोटो उजेडावर धरला होता. ठमी कसनुसं हसली आणि तिनं पदर तोंडाला लावला. शेजारी बसलेल्या तिच्या नवऱ्याला, काळूरामला, मात्र ते झोंबलं.

"डॉक्टरसाहेब, ती माळकरी हाय. गळ्यात तुळस हाय तिच्या. बिडीला कधी हात न्हाय लावला."

"मग घरात कोण ओढतं?"

"मी. पन मला बगा, काय झालंय? जन्मभर मिठागरात राबलो, अजून पखवाज वाजवतो. ती चुलीपुढं बसायची, त्याचं आसंल."

"चुलीचंही असेल. गॅस येऊन किती वर्षं झाली?"

"पंधरा."

"आणि तुमची बिडी?"

काळूराम उजेडावरच्या फोटोकडं बघायला लागला. डॉक्टर हळूच म्हणाले, "काका, बिडी तुम्ही ओढलीत, धूर दोघांनी घेतला. गेलेला दम आता परत येणार नाही. उरलाय तो सांभाळा. घरात यापुढं एकही बिडी नको."

एसटीत ठमीनं एवढंच विचारलं, "सप्त्याला गायला जमंल ना वो?"

सप्ताह अकरा दिवसांवर आला होता. रेवसच्या बाजूच्या त्यांच्या गावात शेवटच्या दिवशीच्या कीर्तनात बायकांकडून ध्रुपद धरायचं ते ठमीनंच. बुवांचा श्वास संपायचा तिथं तिचा सूर उभा राहायचा. गेल्या साली तो मधेच तुटला. बुवा थांबले, टाळ थांबले. काळूरामचा हात पखवाजावर तसाच राहिला.

"जमंल," खिडकीबाहेर बघत तो म्हणाला.

घरी पोचेपर्यंत दिवेलागण झाली. ठमीनं देवापुढं निरांजन लावलं, हात जोडले. काळूराम भिंतीला टेकून बसला. डॉक्टरांचं बोलणं डोक्यातून जाईना. जीव कासावीस झाला की त्याचा हात जिथं जायचा, तिथंच गेला. बंडीच्या खिशात. काडेपेटी खुळखुळली.

तो आवाज ऐकून ठमी उठली.

लग्न होऊन आली त्याच आठवड्यात ठरलेला नेम होता तो. खाडीचा वारा अंगणात काडी टिकू देत नाही, म्हणून काळूराम घरातच बिडी ओढायचा. पण देवासमोर नाही. ठमीनं आपल्या हळदीच्या पिवळ्या लुगड्याचा पडदा शिवून देव्हाऱ्याला टांगला होता. काडेपेटी वाजली की तिनं पडदा लावायचा, मगच त्यानं काडी पेटवायची. भजनी मंडळात काळूराम हे मोठ्या अभिमानानं सांगायचा, "देवाला कधी धूर लागू दिला न्हाय आपुन!" ऐकणारे माना डोलवायचे.

चार पावलांचं अंतर. ठमी दोनदा थांबली. एकदा फडताळाला धरून, एकदा नुसतीच, छातीवर हात ठेवून. मग तिनं पडदा लावला. कडेला फट राहू नये म्हणून नीट चापून लावला. आणि परत येऊन, रोजच्यासारखी, त्याच्याजवळ भिजवलेले वाल सोलायला बसली.

काळूरामच्या चिमटीत काडी तशीच राहिली.

चापून लावताना पडद्याचा खालचा एक कोपरा उलटा झाला होता. देवाकडची बाजू अजून हळदीसारखी पिवळीधमक होती. इकडची बाजू बिडीच्या पानासारखी तपकिरी झाली होती. त्यानं पडद्याकडं बघितलं. मग ठमीकडं बघितलं. ती इकडच्या बाजूला बसली होती.

तो उठला आणि त्यानं पडदा सगळा बाजूला केला. निरांजनाचा उजेड ठमीच्या तोंडावर पडला.

"आवं, ह्ये काय करताव?" ती धापा टाकत म्हणाली. "देवाला धूर लागंल ना!"

काळूरामचं देव्हाऱ्याकडं लक्षच नव्हतं. तो तिच्यापुढं खाली बसला. कीर्तनाला उभं राहण्याआधी टाळकरी एकमेकांच्या पाया पडतात, तसे त्यानं दोन्ही हात तिच्या पावलांवर ठेवले.

"लागला गो," तो म्हणाला. "चाळीस वरसं लागला."