वजरी

नात आठ दिवसांची झाली होती, कालच दवाखान्यातून घरी आली होती आणि तपासणीच्या नर्सबाई अकराला येणार होत्या. आजीने टबात कोमट पाणी ओतलं, कोपर बुडवून पाहिलं आणि बाळाला हातावर पालथं केलं. तेव्हा तिला ते दिसलं. कंबरेखाली, बाळाच्याच तळव्याएवढा, निळसर डाग.

आजी म्हणायचं म्हणून, वय जेमतेम पस्तीस. हॉटेलच्या लाँड्रीत तिला सगळे डागवाली म्हणत. शाई, गंज, रक्त, काहीही असो, तिच्याकडे द्यायचं. साहेबांच्या कॉलरवरची लाली तर ती अशी घालवायची, की साहेबांच्या बायकांनी तिला दुवा द्यावा की शिव्या, हेच कळू नये. तिच्या हातून डाग म्हणून सुटत नसे.

तिने बाळाला पंच्यावर ठेवलं, मोरीतून टाचा घासायची वजरी आणली आणि तिला साबण लावायला घेतला.

लेक पलंगावर केस विंचरत होती. अठरा वर्षांची, झोपेचं खोबरं झालं होतं, पण केसांचा तोरा तसाच होता. तिने कंगवा खाली ठेवला.

"आई, ते कशाला?"

"नर्सबाई यायच्या आत निघायला हवं."

"ते निघत नाही. काढायचंही नसतं."

दवाखान्यात तिच्या शेजारच्या बाळंतिणीसोबत एक म्हातारी होती, डोंगरातली. तिने बाळाला उलटंपालटं करून पाहिलं होतं आणि तोंडभर हसली होती. आपल्यातल्या बाळांना असतंच हे, म्हणाली होती. आपलं म्हणून ओळखू यावं इतकंच त्याचं काम. चार-पाच वर्षांत पुसट होत जातं. डॉक्टरांनीही तेच सांगितलं होतं.

"आपोआप जातं?" आईने विचारलं.

"आपोआप."

आई वजरी हातात धरून बसून राहिली. साबणाचा फेस मनगटावरून कोपरापर्यंत ओघळला, तरी तिने तो पुसला नाही.

"मलाही होतं का गं?" लेकीने सहज विचारलं. "की तेवढ्यावरच इस्त्री पडली?"

इस्त्रीची गोष्ट लेकीला पाठ होती. तान्ही असताना तापलेली इस्त्री कलंडली आणि कंबरेवर चट्टा राहिला. आईने ती इतक्यांदा सांगितली होती, की आता नुसतं "हो" म्हटलं असतं तरी भागलं असतं.

"इस्त्री नव्हती," आई म्हणाली.

मग तिने सांगितलं, तुटक तुटक, वजरीकडे बघत. ती स्वतः पाच वर्षांची असताना तिला डोंगरातून उचलून वसतिगृहात ठेवलं होतं. दर शनिवारी रेक्टरबाई मुलींना रांगेत उभं करून त्यांच्या पाठी घासायच्या. डोंगराचा मळ, म्हणायच्या. घरी वाढली असती तर कुणी म्हातारीने तिलाही सांगितलं असतं. पण घर उरलं नव्हतं, आणि सतराव्या वर्षी कुशीत पोर होती. तपासणीला बाई येणार होत्या. पोर मळकी दिसली तर घेऊन जातील, एवढंच तिला कळत होतं. तीन दिवस घासलं. तिसऱ्या दिवशी रक्त आलं, तेव्हा थांबली.

लेक उठून जवळ आली, आईच्या हातातली वजरी काढून घेतली आणि खिडकीत ठेवली.

"नुसत्या हाताने घाल अंघोळ," ती म्हणाली.

आईने घातली. ब्लीचने चिरलेली बोटं त्या निळ्यावर टेकेनात. त्याच्या कडेकडेने फिरत राहिली. शेवटी टेकली. बाळ रडलं नाही.

बेल वाजली. आईने सवयीने पंचा बाळाच्या कंबरेवर ओढला. मग आपणच खाली केला.

लेक दाराकडे गेली. वरची कडी काढायला हात उंचावला तसा तिचा सदरा वर सरकला.

"अजून दुखतं का गं?" आईने मागून विचारलं.

"छे. पाठीवरचं मला कुठे दिसतंय?"

"मला दिसतं," आई म्हणाली. "उघड दार."