नाणेफेकीचं बीज

"औषध की साखरेचं पाणी? एवढंच सांग. कुणाला कळणार आहे?"

ताई उशीला टेकून बसली होती. एवढं बोलतानाही तिला धाप लागली. धाकटी खिडकीचा पडदा नीट करत राहिली. तो आधीच नीट होता.

"मला माहीत नाही, ताई. खरंच."

"अगं, तूच तर केलंस ना ते सगळं?"

केलं होतं तिनंच. नव्या औषधाची चाचणी चालू होती. निम्म्या रुग्णांना औषध, निम्म्यांना नुसतं साखरेचं पाणी. बाटली तीच, वर फक्त रुग्णाचा नंबर, चवही मुद्दाम तशीच कडू केलेली. कुणाला काय मिळतंय, ते ना रुग्णाला ठाऊक, ना डॉक्टरांना. वाटणी धाकटीचा प्रोग्राम करायचा. प्रत्येक नव्या रुग्णासाठी तो जणू नाणं उडवायचा. पण संगणकाला खरं नाणं कुठून उडवता यायला? त्याला एक भलामोठा आकडा द्यावा लागतो. त्या एका आकड्यातून तो छापा-काट्याची न संपणारी माळ ओढून काढतो. आकडा ठाऊक नसेल, तर पुढचा मणी कोणता हे भल्याभल्या यंत्रांनाही सांगता येत नाही. ठाऊक असेल, तर अख्खी माळ क्षणात समोर. त्या आकड्याला ऑफिसात सगळे बीज म्हणत. बीज कुलूपबंद होतं आणि त्याचा पासवर्ड फक्त धाकटीकडे होता.

ताई सासरच्या आडनावानं, दुसऱ्याच दवाखान्यातून चाचणीत दाखल झाली, तेव्हा धाकटीला पत्ताही नव्हता. कळलं तेव्हा उशीर झाला होता. बहीण चाचणीत आहे हे सांगावं, तर ताईचं नाव त्याच दिवशी कापलं गेलं असतं. न सांगावं, तर रोज चाचणी चालवणाऱ्या मोठ्या डॉक्टरांसमोर बसायचं. "बीज तुमच्याकडे आहे, म्हणून मला घोर नाही," असं ते चारचौघांत म्हणायचे. धाकटी मान खाली घालून हसायची. इकडे आड, तिकडे विहीर.

आणि ताई उतरतच चालली होती. तिच्या मनगटावरचं घड्याळ आता हात वर केला की कोपराकडे घसरायचं.

"साखरच पीत असेन तर तसं सांग बाई," ताई म्हणाली. "निदान तोंड वाकडं करायचं तरी सोडते." ती हसली आणि त्या हसण्याचा खोकला झाला. तो लवकर थांबेना. धाकटी तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिली. पाठीचे मणके हाताला लागत होते.

आई गेल्यावर ताईनंच तिला वाढवलं होतं. वेणी घालायला, भांडायला, पोहायला तिनंच शिकवलं. पोहायला शिकवताना पोटाखालचा हात आपण कधी काढून घेतला, ते ताईनं तिला कळूही दिलं नव्हतं.

सुट्टीच्या दिवशी दुपारी धाकटी ऑफिसात गेली. कुणी नव्हतं. बाटल्यांची थंड खोली त्याच मजल्यावर होती आणि तिथली किल्ली तिच्या जुडग्यात होती. पाणी निघालं तर काय करायचं, ते तिनं ठरवलं होतं. औषधाची एक बाटली उचलायची, तिच्यावर ताईच्या नंबरची चिठ्ठी डकवायची आणि नेऊन द्यायची. चाचणी मातीत गेली असती. त्या चाचणीच्या भरवशावर बाटली तोंडाला लावणारी बाकीची माणसं फसली असती. हे सगळं तिला कळत होतं. तरी तिनं पर्समधली छत्री, डबा, चष्म्याचं घर बाहेर काढून ठेवलं आणि एक बाटली मावेल एवढी जागा केली.

मग तिनं पासवर्ड टाकला. माळ उलगडली. ताईचा नंबर सापडला.

औषध.

हुश्श, असं तिच्या तोंडून निघूनही गेलं. पाणी नव्हतं! ताईला पहिल्या दिवसापासून खरं औषध मिळत होतं.

मग तिला कळलं, आपण काय वाचलंय ते. खरं औषध मिळत होतं आणि तरी ताई अशी झाली होती.

धाकटीला खुर्चीतून उठवेना. खोलीचं दार उघडं होतं. बाहेर जिना होता, रस्ता होता, पण जायचं कुठं? इतके दिवस निदान एक चोरवाट होती. आता पाप करायलासुद्धा काही उरलं नव्हतं.

तिनं नळाखाली तोंड धुतलं. आरशात बघून एक वाक्य पुन्हा पुन्हा म्हणून पाहिलं, आवाज कापायचा थांबेपर्यंत.

संध्याकाळी ती ताईच्या खोलीत शिरली, तेव्हा भावोजी चहा आणायला खाली निघाले होते. ते जाईपर्यंत ताई दाराकडे बघत राहिली. मग तिनं नुसत्या भुवया उंचावल्या.

"नाही उघडलं मी," धाकटी म्हणाली. "तुझ्यासारखेच कितीतरी जण आहेत गं त्यात. नाही जमलं मला."

आवाज अजिबात कापला नाही. ताई तिच्याकडे बघत राहिली. आधी चेहऱ्याकडे, मग तिच्या मांडीवरच्या दोन हातांकडे. कण्हत कण्हत ती भिंतीकडे सरकली आणि गादीवर थोपटून तिनं शेजारी जागा दाखवली. धाकटी चपला काढून तिच्या कुशीत शिरली.

"तू बघून आलीस," ताई हळूच म्हणाली.

"नाही गं ताई, मी खरंच..."

"साखरेचं पाणी निघालं असतं ना चिंगे, तर आज तू रिकाम्या हातानं आली नसतीस."